आधी फणी, मग पाणी

"अहो, आधी फणी, मग पाणी. एवढं एक उलटं करू नका. बाकी थोडंफार चुकलं तरी चालेल."

काकूंचा हा आवाज लिफ्टकाकांच्या कानात अजून जसाच्या तसा होता. मोठा आवाज काकूंचा कधीच नव्हता, आणि हा तर शेजारच्या खाटेवरच्या बाईंची झोप मोडू नये अशा बेताने काढलेला. इस्पितळात उशीला टेकून त्या सांगत होत्या आणि काका गुडघ्यावर वही ठेवून लिहून घेत होते. अडतीस वर्षं लिफ्टची देखभाल केलेला माणूस. कुठली तार केव्हा बदलायची, कुठल्या दाराला वंगण केव्हा द्यायचं, हे सगळं त्यांच्याकडे वहीत असायचं. निवृत्त होऊन सहा वर्षं झाली तरी इमारतीतले लोक त्यांना लिफ्टकाकाच म्हणत, आणि काकूंना साहजिकच लिफ्टकाकू. काकू हसून म्हणायच्या, "मी कधी कुणाला वर नेलं नाही की खाली आणलं नाही, तरी पदवी मिळाली."

वहीत लिहिलेलं सगळं कापशीबद्दल होतं. कापशी म्हणजे त्यांची कुत्री, वय वर्षं अकरा. दोन थरांच्या केसांची जात. वरचे केस लांब आणि राठ, पाऊस पडला तर पाणी वरच्या वर झटकून टाकणारे. आणि त्यांच्या खाली कातडीला लागून मऊ, दाट लव. वर्षातून दोनदा ती आतली लव सुटायची. मग घरात कुणी गादी फाडली आहे असं वाटायचं. कोपऱ्यात पुंजके, चपलेत पुंजके, चहाच्या कपात एखादा केस. तिला घरी आणली त्याच वर्षी काकूंनी तिचं नाव कापशी ठेवलं, आणि त्याच वर्षी संध्याकाळचा नेम धरला.

काकूंचे नेम बरेच होते. पहाटेची प्रार्थना, आठवड्यातला एक दिवस मौन, आणि संध्याकाळी पाच वाजता गॅलरीत बुटक्या स्टुलावर बसून कापशीची फणी. या तिन्हींत त्या डावं-उजवं करत नसत. मुक्या जिवाची सेवा देवाच्या हिशोबात प्रार्थनेतच धरली जाते, असं त्यांचं म्हणणं. मौनाच्या दिवशीही फणी चुकायची नाही. काका चिडवायचे, की माझ्याशी अवाक्षर नाही आणि तिच्याशी बघा, तासभर हातांनी गप्पा चालल्यात. काकू मौन असल्यामुळे फक्त डोळे वटारायच्या.

वहीत काय नव्हतं? केसांची एक एक ओळ बाजूला करून, कातडी दिसेपर्यंत विंचरायचं. कानामागे, मांड्यांच्या मागे आणि शेपटीच्या मुळाशी जास्त वेळ द्यायचा, गुंता तिथेच धरतो. अंघोळ दोन महिन्यांतून एकदा, उगीच जास्त नाही. पाणी कोमट. शाम्पू आधी मगमध्ये पातळ करून घ्यायचा. पाणी कातडीपर्यंत पोचलंय का ते बोटांनी बघायचं, वरून भिजलेली दिसली म्हणजे भिजली असं नाही. फेस जाईपर्यंत धुवायचं, मग आणखी एकदा धुवायचं. टॉवेलने घासायचं नाही, दाबायचं. ब्लोअर गार हवेवर. शेवटी केसांत बोट खुपसून बघायचं. बोट गार लागलं तर आत अजून ओल आहे.

आणि सगळ्यांत खाली, काकांनी स्वतःच दोन रेघा मारून ठेवलेलं: केस उतरवायचं मशीन लावायचं नाही. उकडतंय म्हणून, केस गळतात म्हणून, कुणी सांगितलं म्हणून, कशासाठीच नाही. तो केसांचा कोट थंडी अडवतो तसा उन्हालाही अडवतो, आणि या वयात एकदा काढला की तसाच परत येईल याचा भरवसा नाही. हे सांगताना काकूंनी त्यांचं मनगट धरलं होतं. सुया टोचून टोचून काळानिळा झालेला तो हात, पण पकड चांगली घट्ट. "शब्द द्या," त्या म्हणाल्या होत्या.

काकांनी शब्द दिला होता.

त्याला आता अकरा आठवडे झाले होते. काकू जाऊन दहा.

सगळं आटोपून, आलेली माणसं आपापल्या गावी परतल्यावर, पहिल्याच दिवशी पाच वाजता काका गॅलरीत गेले. कापशी आधीच स्टुलाजवळ येऊन बसली होती. काकांनी खिळ्यावरची फणी काढली. लाकडी मुठीची, दात्यांच्या दोन रांगा असलेली, आतली लव ओढून काढणारी फणी. मूठ काकूंच्या अंगठ्याने एका जागी गुळगुळीत झालेली.

दात्यांमध्ये एक पुंजका अडकलेला होता.

इस्पितळात जायच्या आदल्या संध्याकाळचा असणार. त्या दिवशी काकू फार थकल्या होत्या. अर्धीच बाजू विंचरून झाली आणि त्यांनी फणी तशीच खिळ्याला लावली, उद्या काढते म्हणाल्या. पुंजका कापशीच्या लवेचा होता, पांढुरका. पण त्याच्यातून दोन-तीन लांब केस बाहेर आले होते, करडे, बारीक. औषधांनी त्या दिवसांत काकूंचे केस जरा हात लागला तरी गळत होते. कापशीवर वाकून विंचरताना पडले असतील आणि फणीने तिच्या लवेबरोबर त्यांनाही गोळा केलं असेल.

फणी चालवायची तर आधी तो पुंजका काढायला हवा होता.

काकांनी दोन बोटं पुढे नेली. मागे घेतली. मग फणी जशी होती तशी खिळ्यावर अडकवली आणि कापशीला नुसतं थोपटलं.

दुसऱ्या दिवशी ते दुकानातून एक ब्रश घेऊन आले. मऊ, गोल, छान दिसणारा. दुकानदाराने काढलेली दात्यांची फणी त्यांनी हातातसुद्धा घेतली नाही. दुसरी फणी घरात आली असती तर काकूंची फणी जुनी झाली असती, आणि जुन्या वस्तूचं पुढे काय होतं ते त्यांना ठाऊक होतं. ब्रशचं तसं नव्हतं. ब्रश म्हणजे निराळी वस्तू.

त्या दिवसापासून काकांनी नेम चुकवला नाही. पाच वाजले की स्टूल, कापशी, ब्रश. एक तास म्हणजे एक तास. ब्रश वरच्या केसांवरून असा झोकात फिरायचा की कापशी चकचकीत दिसायची. इमारतीतले लोक थांबून म्हणत, काका, काय ठेवलीय हो कुत्री. काकूंनंतरही तिची आबाळ नाही हो. काकांना ते ऐकून बरं वाटायचं. दर दोन दिवसांनी लेकीचा फोन यायचा. ती दुसऱ्या शहरात, नोकरी आणि दोन पोरं सांभाळून. जेवलात का, गोळ्या घेतल्या का, आणि मग, कापशीला विंचरता ना, बाबा. काका सांगायचे, रोज, न चुकता. हे खोटं नव्हतं. खरंही नव्हतं, पण ते त्या वेळी त्यांनी स्वतःला विचारलं नाही.

पाचव्या आठवड्यात कापशीला वास यायला लागला. कोंदट, ओल्या पोत्यासारखा. काकांनी वही उघडली आणि अंघोळ घातली. कोमट पाणी, पातळ केलेला शाम्पू, सगळं ओळीने. फक्त पहिली ओळ सोडून. शेवटी वहीत होतं म्हणून बोट खुपसायला गेले तर बोट आत जाईना. थंडीचे दिवस जवळ आलेत, लव दाट झाली असेल, असं ते मनाशी म्हणाले. चार दिवसांनी वास परत आला, आणि पहिल्यापेक्षा जोरात. पुन्हा अंघोळ. मग दर रविवारी. जितकी धुवावी तितका वास वाढत होता, आणि जितका वास वाढत होता तितके काका नेटाने धूत होते. कापशी बादली दिसली की खाटेखाली जाऊन बसायला लागली. आधी ती अशी नव्हती. काकूंच्या हातची अंघोळ म्हणजे ती डोळे मिटून उभी राहायची, एखाद्या सासूने नव्या सुनेकडून पाय चेपून घ्यावेत तशी.

तिसऱ्या मजल्यावर एक निवृत्त शिक्षिका राहायच्या. सगळ्यांच्या बाई. त्या एका सकाळी लिफ्टमध्ये भेटल्या आणि दार बंद झाल्यावर थोडा वेळ वर लागणाऱ्या आकड्यांकडे बघत राहिल्या. मग त्यांनी विचारलं की कापशी पाय उचलून चालते, ते केव्हापासून. काकांच्या ते लक्षातच आलं नव्हतं. बाई म्हणाल्या, वाईट मानू नका, पण तिच्या कमरेजवळ एकदा हात घालून बघा, वरून नाही, आतून. चाळीस वर्षं मुलांच्या वह्या तपासल्या आहेत हो, वरून नीटनेटकी दिसणारी वही मी आधी उघडते.

घरी आल्यावर काकांनी कापशीला खिडकीच्या उजेडात उभी केली, चष्मा लावला आणि वरचे केस दोन्ही हातांनी बाजूला केले. खाली लव नव्हती. खाली एक जाड, घट्ट, राखाडी थर होता, लोकर ठोकून ठोकून केलेल्या नमद्यासारखा. कातडी कुठे दिसेना. कानामागे, मांड्यांवर, पाठीवरून थेट शेपटीपर्यंत तोच. एका जागी तो थर जरा उचलला गेला, तेव्हा खाली ओलसर लाल जखम दिसली आणि वास भसकन बाहेर आला. कापशीने मान वळवून त्यांच्याकडे पाहिलं, पण हात काढून घ्यायला लावला नाही.

काका तिथेच जमिनीवर बसले. सुटलेली सगळी लव आतच राहिली होती. जी फणीने निघायची ती कुणी काढलीच नव्हती, आणि दर रविवारच्या पाण्याने ती बसत बसत गेली होती. हे शिकायला त्यांना कुणाकडे जायची गरज नव्हती. वहीच्या पहिल्याच ओळीत होतं.

बाजारामागच्या गल्लीत कुत्र्यांना अंघोळ घालायचं एक दुकान होतं. चालवणारी बाई चाळिशीची, दंड भरदार, रबरी एप्रन, आणि तोंड सतत चालू. लोक तिला पार्लरवाली म्हणत आणि तीही स्वतःला तेच म्हणायची. दुकानात एक उंच टेबल, भिंतीला दोन ब्लोअर, दगडी हौद, आणि फळीवर ओळीने फण्या, ब्रश, कात्र्या. तिने कापशीला एकटीने उचलून टेबलावर ठेवलं आणि दोन मिनिटं काही बोलली नाही. तिच्या बाबतीत ही फार मोठी गोष्ट असावी, कारण हौदातल्या कुत्र्याला धुणारी तिची बहीण मान वर करून बघायला लागली.

"काका, वरून नवरी आणि आतून गोणपाट," पार्लरवाली शेवटी म्हणाली. "विंचरता कशाने?"

काकांनी कोटाच्या खिशातून ब्रश काढला. तो ते बरोबर घेऊन आले होते.

"हा?" तिने तो हातात घेऊन उलटा-सुलटा केला. "हा जावयाच्या कोटावरची धूळ झटकायला चांगला आहे."

बहीण हसली. काकाही थोडे हसले, हसायचं असतं म्हणून. पार्लरवालीने ते बघितलं आणि तिचा सूर उतरला. मग तिने नीट समजावून सांगितलं. कमरेवर तीन जखमा दिसतायत, आत आणखी असतील. हवा जात नाही, पाणी सुकत नाही, कातडी ओल्या गादीखाली असल्यासारखी कुजतेय. डॉक्टरांकडे न्यायलाच हवं, पण डॉक्टरही आधी हेच सांगतील. सगळं मशीनने उतरवावं लागेल.

काका म्हणाले, मशीन नको.

ती म्हणाली, दुसरा उपाय नाही. काका म्हणाले, काहीतरी असेल, हाताने सोडवता येईल, कितीही दिवस लागू देत, मी इथे बसून राहीन, तुम्ही सांगाल ते करीन. ती म्हणाली की अकरा वर्षांची कुत्री आहे काका, एवढा नमदा हाताने सोडवायचा म्हणजे तिच्या कातडीला रोज ओढ. काका तेच पुन्हा म्हणत राहिले. शेवटी त्यांनी सांगितलं की मी शब्द दिलाय. कुणाला ते त्यांनी सांगितलं नाही, पण काळ्या पट्ट्याच्या घड्याळाशेजारी मनगटावर बायकी घड्याळ बांधून आलेल्या म्हाताऱ्याला ते सांगायची गरज नसते. पार्लरवालीने एक सुस्कारा टाकला, फळीवरून तारेचा ब्रश घेतला आणि म्हणाली, बरं, एक मांडी करून बघते. तुम्ही तिचं डोकं धरा.

काकांनी कापशीचं डोकं छातीशी धरलं. पार्लरवालीने मांडीवरच्या नमद्यावर पावडर चोळली, बोटांनी तो कडेकडेने फाडायला सुरुवात केली, आणि मग हळूहळू ब्रश लावला. हात हलका होता, ते काकांना कळत होतं. मोठ्या मशीनच्या पोटात हात घालून एखादी बारीक स्प्रिंग बसवणारा माणूस दुसऱ्याचा हात ओळखतो. पाऊण तास झाला. तळहाताएवढी जागा मोकळी झाली.

कापशी या सगळ्या वेळात भुंकली नाही की दात दाखवले नाहीत. आधी तिने नुसते ओठ चाटले. मग ती थरथरायला लागली. मग एक बारीक आवाज काढायला लागली, नाकातून, सलग, एकसारखा. काकांनी तो आवाज पूर्वी ऐकला होता. इस्पितळात, काकूंची पट्टी बदलताना. नर्स विचारायची, दुखतंय का, आणि काकू म्हणायच्या, नाही नाही, तुमचं चालू द्या. आणि नाकातून तोच आवाज.

"थांबा," काका म्हणाले.

पार्लरवाली थांबली.

काकांनी कापशीचे कान मागे सारले, तिचं कपाळ आपल्या हनुवटीखाली घेतलं. हौदातलं पाणी बंद झालं होतं. बहिणीने ओल्या कुत्र्याला टॉवेलात धरून ठेवलं होतं, ब्लोअर मात्र लावला नव्हता.

"मशीन लावा."

"नक्की ना?"

"ती असती तर तिनेच सांगितलं असतं," काका म्हणाले. आणि मग, जरा थांबून, "ती असती तर ही वेळच आली नसती."

मशीनला तासभर लागला. नमदा तुकड्या-तुकड्यांनी निघाला नाही. पाठीवरून तो अखंड सुटत गेला, कुणी अंगातला कोट उतरवून द्यावा तसा, आणि शेवटी टेबलाच्या कडेवरून खाली लोंबायला लागला. वरच्या बाजूने तो अजूनही चकचकीत होता. दोन महिने काकांनी रोज एक तास तीच बाजू विंचरली होती. आतली बाजू करडी, ओली, जागोजागी रक्ताचे डाग. पार्लरवाली तो गुंडाळून पिशवीत टाकायला लागली, तेव्हा काका म्हणाले, जरा थांबा. त्यांनी त्यावर एकदा हात ठेवला. मग म्हणाले, टाका.

टेबलावर जी उरली ती कुणी निराळीच कुत्री होती. एवढीशी. बरगड्या मोजता याव्यात, पाय काटक्यांसारखे, कातडी गुलाबी-करडी, कमरेवर आणि मांड्यांवर लाल चट्टे. कापशी खाली उतरली आणि टेबलाच्या पायाआड जाऊन उभी राहिली. काकूंनी एक दिवस इस्पितळातच उरलेले केस काढून घेतले होते, आणि आरसा मागून घेऊन, त्यात बघून म्हणाल्या होत्या, अगदी आमच्या वडिलांसारखी दिसते हो. त्या दिवशी काकांना हसू आलं होतं. आज त्यांनी अंगावरची शाल काढली, कापशीच्या पाठीवर टाकली आणि शालीचं टोक धरून तिथेच उभे राहिले. रडू आलं ते उभ्यानेच आलं.

पार्लरवालीने त्यांच्या पुढ्यात एक स्टूल सरकवलं. बहिणीला चहा आणायला पाठवलं. मग स्वतः हौदाच्या काठावर बसून तिने विचारलं, ओरडून नाही, चिडूनही नाही, की तुमच्याकडे दात्यांची फणी नव्हती का.

काका म्हणाले, आहे.

"मग?"

"तिच्यात तिचे केस आहेत."

पार्लरवालीला आधी वाटलं, कुत्रीचे. मग कळलं. काकांनी ते सगळं एकदाच सांगून टाकलं. लेकीला सांगितलं नव्हतं, बाईंना सांगितलं नव्हतं, ते या अनोळखी बाईला. पुंजका काढला की तो नुसता पुंजका होणार. डबीत ठेवला काय, पाकिटात ठेवला काय, ते केसच. फणीत आहे तोवर असं वाटतं की तिचा हात मध्येच थांबलाय. फोन आला असेल, दूध उतू जात असेल, येईल आणि उरलेली बाजू पुरी करील. एवढ्यासाठी, ताई, मी या जिवाला कुजवलं. दोघींना जपायचं होतं, एकीला राखायला गेलो आणि दुसरीचं हे असं झालं. आणि पहिलीला दिलेला शब्दही राहिला नाहीच.

चहा आला. काकांनी घेतला नाही. कपाला हात लावून बसले.

पार्लरवालीने लगेच समजूत घातली नाही. चालायचंच, असंही म्हणाली नाही, आणि त्याबद्दल काकांनी मनातून तिचे आभार मानले. मग तिने एक एक गोष्ट सांगितली. डॉक्टरांचं मलम, दिवसातून दोनदा. ऊन आणि गारठा दोन्हींपासून जपायचं, कारण आता अडवायला काही नाही. आतली लव आधी येईल, महिन्या-दोन महिन्यांत. वरचे केस मागून, सावकाश, कदाचित वर्ष-दीड वर्षाने, कदाचित ठिगळा-ठिगळांनी, कदाचित कधीच नाही. खोटं सांगत नाही, काका. पण लव आली की तिला रोज मोकळी करावी लागेल, नाहीतर ती वरच्या केसांना डोकं काढू देणार नाही आणि पुन्हा हेच होईल. आणि तो हात तुम्हाला नाही. तुम्ही झटकता. विंचरणं वेगळं.

"शिकवाल?" काकांनी विचारलं.

"हिच्यावर कसं शिकणार? हिच्या अंगावर आहे काय आता?" ती म्हणाली. "माझ्याकडे रोज सकाळी कुत्री येतात. असलीच, दोन थरांची. लोकांची आहेत, आपली नाहीत, तेव्हा हात थरथरणार नाही तुमचा. सात वाजता या. घरची फणी आहे तिथे राहू दे. तिला हात लावू नका, मी सांगते म्हणून लावू नका आणि कुणी सांगितलं म्हणूनही लावू नका. माझ्याकडे फण्या पंधरा आहेत."

काकांनी चहाचा कप उचलला.

"पण रोज यायचं," ती म्हणाली. "चार दिवस येऊन पाचव्या दिवशी पाय दुखतात म्हणायचं, ते चालणार नाही. माझा नवरा तसाच करतो, तेवढा एक पुरे आहे."

"रोज येईन."

"शब्द?"

हा शब्द उच्चारल्यावर तिलाच कसंसं झालं असावं, कारण ती उठून फण्या सारख्या करायला लागली. काकांनी कापशीच्या पाठीवरची शाल नीट केली. मग म्हणाले, शब्द.

संध्याकाळी लेकीचा फोन आला तेव्हा त्यांनी काहीही लपवलं नाही. मी रोज विंचरत होतो गं, पण वरवर, असं सांगितलं. लेक रागावली असती तर काकांना सोपं गेलं असतं. ती रागावली नाही. आईचा मोबाइल अजून ती महिन्याच्या महिन्याला रिचार्ज करते, असं तिने सांगितलं, आणि एकदा ऑफिसातून त्यावर फोन लावला होता, कपाटात वाजला असेल ना, बाबा? काका म्हणाले, वाजला होता. मला वाटलं, कुणाचा तरी चुकून आला. कापशी शालीत गुंडाळलेली त्यांच्या पायांवर झोपली होती. मध्येच तिच्या उघड्या कातडीवरून काटा सरसरत जायचा आणि काका शाल वर ओढून घ्यायचे.

सकाळी साडेसहाला काकांनी चहा केला, अर्धा प्यायला, अर्धा तसाच ठेवला. कापशीच्या चट्ट्यांना डॉक्टरांनी आदल्या दिवशी दिलेलं मलम लावलं. जुन्या सुती चादरीचा एक तुकडा तिच्या पाठीवरून घेऊन पोटाखाली बांधला, फार घट्ट नाही, फार सैल नाही. पट्टा घातला. गळ्यात केस नसल्यामुळे पट्टा पूर्वीच्या भोकावर सैल पडत होता. तीन भोकं मागे घ्यावा लागला.

लिफ्टमध्ये तिसऱ्या मजल्यावर बाई आत आल्या. त्यांनी कापशीकडे पाहिलं, काकांकडे पाहिलं, आणि बाजूला सरकून तिच्यासाठी कोपरा मोकळा केला. बाहेर पडताना बाईंनी विचारलं, एवढ्या सकाळी कुठे.

"शिकायला," काका म्हणाले.

रस्त्याच्या एका बाजूला कोवळं ऊन यायला लागलं होतं. काकांनी रस्ता ओलांडला आणि ते भिंतीच्या सावलीत आले, पण सावलीत गारठा होता आणि कापशी थरथरली. त्यांनी वाकून चादरीची गाठ तपासली. मग तिला ऊन आणि सावली यांच्या मधल्या पट्ट्यात घेतलं, स्वतः उन्हाच्या बाजूने झाले, आणि तिच्या चालीने, हळूहळू, बाजारामागच्या गल्लीकडे निघाले.